विनोदी लेखकाला सेटवरून घरी पाठवू नका

टीव्ही मालिकेचं बजेट आवळायची वेळ आली की कात्री आधी कुठे लागते, हे या धंद्यातल्या प्रत्येकाला ठाऊक असतं. नटांचे करार झालेले असतात, सेट उभा असतो, कॅमेरे ठरलेले असतात. उरतो लेखक. स्क्रिप्ट हातात आली, पैसे चुकते झाले, मग शूटिंगच्या दिवशी त्याचं काय काम? एक खुर्ची वाचते, काही आठवड्यांचा पगार वाचतो. गंभीर मालिकेत ही काटकसर खपूनही जाते. विनोदी मालिकेत ती अंगाशी येते, फक्त उशिरा येते: पाच-सात वर्षांनी, नवी मालिका हाती देता येईल असा लेखक शोधायला निघावं आणि एकही सापडू नये, तेव्हा.

माझं म्हणणं असं. टीव्हीचा विनोदी लेखक घडतो तो पहिला खर्डा आणि चित्रीकरण यांच्या मधल्या दिवसांत. आपलं लिखाण लोकांसमोर पडताना बघायचं, ते का पडलं हे ओळखायचं आणि उद्या सकाळपर्यंत दुरुस्त करायचं, एवढाच त्याचा अभ्यासक्रम. तेवढे दिवस कापले की कारकीर्द पहिल्या पायरीवरच अडते. त्यामुळे चित्रीकरण चालू असताना लेखकाला पगारावर ठेवणं निर्मात्याच्या मर्जीवर सोडू नये. ती करारातली अट हवी.

हे मधले दिवस म्हणजे नक्की काय, ते आधी बघू. प्रेक्षकांसमोर तीन-चार कॅमेऱ्यांनी चित्रित होणारी विनोदी मालिका घ्या. ही पद्धत अमेरिकेत १९५१ साली ‘आय लव्ह ल्युसी’ने रूढ केली: तीन फिल्म कॅमेरे, समोर प्रेक्षक आणि नाटकासारखा प्रयोग. साचा अजून तोच आहे. एका भागाची गोष्ट आधी लेखकांच्या खोलीत, म्हणजे मालिकेचे सगळे लेखक एकत्र बसतात तिथे, फोडली जाते. फळ्यावर मुख्य गोष्ट, तिच्या शेजारी उपकथा, कधी एखादा तिसरा बारीक धागा, आणि प्रत्येकाचे प्रसंग एकाखाली एक. मग एक लेखक उठून आराखडा लिहायला जातो, साधारण आठ ते बारा पानांचा. त्यावर शेरे येतात. पुढच्या आठवड्या-दोन आठवड्यांत पहिला खर्डा. संवादांत ओळ सोडून टाइप करायची रीत असल्यामुळे बावीस मिनिटांच्या भागाची स्क्रिप्ट पंचेचाळीस-पन्नास पानं भरते. एका कॅमेऱ्याने, सिनेमासारख्या चित्रित होणाऱ्या मालिकेत तेवढाच भाग तीस-पस्तीस पानांत बसतो. खर्डा खोलीत परत आला की सगळे मिळून तो ओळीओळीने तासतात. ज्याचं नाव श्रेयनामावलीत झळकतं, त्याचे स्वतःचे निम्मे विनोद शेवटपर्यंत टिकले तरी भाग्य म्हणायचं.

इथवर सगळ्यांना मान्य असतं, कारण याला ‘लिहिणं’ म्हणतात. खरी परीक्षा यानंतरच्या पाच दिवसांत होते.

पहिल्या दिवशी टेबलाभोवती वाचन. नट वाचतात आणि लेखक पेन्सिल घेऊन बसतात: हशा आला तिथे टिक, नाही आला तिथे फुली, आणि नटाला वाक्य तोंडात बसेना तिथे वर्तुळ. नवख्याला इथेच पहिला चकवा बसतो. टेबलावरचा हशा स्वस्त असतो. खोलीत सगळी आपलीच माणसं, प्रत्येकाचं पोट या मालिकेवर; ती हसणारच. अनुभवी लेखक हशाच्या आवाजापेक्षा तो कुणाकडून आला याकडे लक्ष ठेवतो. वाचन संपलं की त्याच संध्याकाळी दुरुस्ती सुरू, कधी उत्तरार्ध आख्खाच्या आख्खा नव्याने. रात्री बदललेली पानं रंगीत कागदावर निघतात. नेहमीचा क्रम पांढरा, निळा, गुलाबी, पिवळा, हिरवा असा; बदललेल्या ओळीसमोर समासात चांदणी. रंग कशासाठी? सेटवर शंभर माणसं असतात आणि प्रत्येकाच्या हातात तीच आवृत्ती आहे हे लांबून दिसायला हवं. दुसऱ्या दिवशी सेटवर हालचालींसह तालीम, तिसऱ्या दिवशी चॅनेलच्या माणसांसमोर, चौथ्या दिवशी कॅमेऱ्यांच्या जागा ठरतात, पाचव्या दिवशी संध्याकाळी प्रेक्षक. प्रत्येक तालमीनंतर लेखक परत खोलीत.

प्रेक्षक आल्यावरही काम थांबत नाही. एखादा विनोद साफ पडला की दोन टेकच्या मधल्या मिनिटभरात लेखक कोपऱ्यात डोकी एकत्र करतात आणि नटाच्या कानात नवं वाक्य सांगितलं जातं. शहाणी मंडळी कच्च्या जागा आधीच हेरून त्यांना दोन-तीन पर्याय तयार ठेवतात. आणि इथे दुसरा चकवा आहे. तिसऱ्या तालमीपर्यंत सेटवरच्या सगळ्यांनी तोच विनोद पाच वेळा ऐकलेला असतो, त्यामुळे कुणीच हसत नाही. घाबरलेला लेखक चांगला विनोद काढून त्याजागी नवा, पण हलका विनोद घालतो. नवा आहे म्हणून तो त्या दिवशी हसवतोही. शुक्रवारी प्रेक्षक येतात, त्यांच्यासाठी दोन्ही नवेच असतात, आणि हातात उरतो तो हलका. ‘हा राहू द्या, शुक्रवारी चालेल,’ असं म्हणायची छाती असे पन्नास विनोद मरताना आणि जगताना बघितल्याशिवाय येत नाही. कार्यशाळेत ती कुणी शिकवू शकत नाही.

एक नमुना जवळून बघू. प्रसंग स्क्रिप्टच्या सहाव्या पानावरचा: वडील गेलेत, वकील मृत्युपत्र वाचतोय. थोरल्याचा डोळा वडिलांच्या घड्याळावर आणि गाडीवर. धाकटा आयतोबा, चाळिशी आली तरी घरीच. पहिल्या खर्ड्यात वकील म्हणतो, ‘‘वडिलांनी धाकट्या भावाची जबाबदारी तुमच्यावर सोपवली आहे, कारण तोच त्यांना सगळ्यात प्रिय होता.’’ माहिती पोचली, हसू नाही. कारण उघड आहे. ज्या शब्दावर हसायचं तो वाक्याच्या सुरुवातीलाच सांडलाय आणि मागे उरलेल्या शब्दांच्या लवाजम्याने त्याचा जीव घेतलाय. दुसरा खर्डा:

‘‘वडिलांना जे सगळ्यात प्रिय होतं, ते त्यांनी तुमच्या नावे केलंय.’’
‘‘घड्याळ?’’
‘‘नाही.’’
‘‘गाडी?’’
‘‘धाकटा भाऊ.’’

आता हशा येतो. शेवटची ओळ ‘धाकटा भाऊ ठेवलाय’ अशी असती तर तो ‘ठेवलाय’खाली दबला असता. मराठी वाक्य क्रियापदावर संपतं, म्हणून मराठीत पंच लिहिताना क्रियापद आधीच्या ओळीत खर्च करून टाकावं लागतं. इथे ‘केलंय’ने तेच काम केलं. हे सगळं कागदावर, घरी बसून जमतं.

पुढचं जमत नाही. दुसऱ्या दिवशी तालमीत धाकट्याची भूमिका करणारा नट वडिलांच्या आरामखुर्चीत जाऊन बसतो, हातात बिस्किटांचा पुडा. वकील ‘‘गाडी?’’ या प्रश्नाला उत्तर द्यायच्या आधी नुसती मान वळवतो. थोरला त्या दिशेने बघतो. धाकटा बिस्किटासकट हात हलवतो. हशा तिथेच फुटतो आणि ‘‘धाकटा भाऊ’’ ही वाचनातली सगळ्यात जोरदार ओळ एकाएकी फालतू होते. ती काढायची. पण ती काढली की प्रसंग लोंबकळतो, त्याला मिटवायला काहीतरी हवं. म्हणून थोरल्याला नवी ओळ: ‘‘घड्याळाचं काही जमतंय का बघा ना.’’ आणि आता खरी गोम. एकतिसाव्या पानावर धाकटा दारात उभा राहून कुणाला तरी म्हणतो, ‘‘मृत्युपत्रात माझं नाव घड्याळाच्या नंतर आलंय, पण आलंय.’’ त्या हशाचा पाया सहाव्या पानावरच्या शब्दांत होता. ते शब्द गेले, म्हणजे ही ओळही आज रात्रीच बदलायला हवी. दिग्दर्शक आजचा प्रसंग बघतोय. नट आपापली पानं बघतोय. सहा आणि एकतीस ही दोन पानं एकाच वेळी डोक्यात असलेला माणूस सेटवर एकच असतो, आणि त्याला आपण घरी पाठवलेलं असतं.

मग काय होतं ते पडद्यावर दिसतंच. पाया कापलेला, कळस तसाच. प्रेक्षकाला नेमकं काय खटकलं सांगता येत नाही. तो म्हणतो, ‘शेवटी जरा ताणलंय.’

संकलनाच्या टेबलावर हाच घोळ आणखी मोठ्या प्रमाणावर होतो. पहिली जुळणी हमखास दोन-चार मिनिटं लांब निघते आणि वेळेत बसवायला सगळ्यात आधी हशाविना ओळी कापल्या जातात. त्यातल्या निम्म्या ओळी पुढच्या हशाची तयारी असतात. लेखकाने संकलकाशेजारी बसून चार-सहा भाग काढले की तो लिहितानाच तयारीची ओळ अशी लिहू लागतो की ती कापताच येऊ नये: तिच्यातच छोटा हशा पेरतो, किंवा कथानकाची गरजेची माहिती तिच्यातच अडकवतो. ही चलाखी पुस्तकात वाचून कळते, हाताला लागत नाही.

आता कारकिर्दीचा हिशेब. अमेरिकन टीव्हीत विनोदी लेखकाची शिडी ठरलेली आहे: स्टाफ रायटर, स्टोरी एडिटर, एक्झिक्युटिव्ह स्टोरी एडिटर, को-प्रोड्यूसर, प्रोड्यूसर, सुपरवायझिंग प्रोड्यूसर, को-एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसर आणि वर शोरनर, म्हणजे अख्खी मालिका चालवणारा मुख्य लेखक. नावं भपकेबाज आहेत, पण मूळ कल्पना रास्त होती. दरवर्षी एक पायरी, आणि प्रत्येक पायरीवर खोलीबाहेरचं थोडं जास्त काम: पात्रनिवडीत बसणं, सेटवर वेशभूषेच्या प्रश्नांना उत्तरं देणं, संकलनावर शेरे लिहिणं, शेवटी बजेट. बावीस भागांचा सीझन आणि आठ-दहा लेखक असतील तर प्रत्येकाच्या वाट्याला दोनेक स्क्रिप्ट स्वतःच्या नावाने येत आणि बावीस चित्रीकरणं डोळ्यांसमोर घडत. पाच वर्षांत शंभराहून अधिक भागांचं बाळंतपण बघितलेला माणूस तयार होई.

स्ट्रीमिंगने हे गणित मोडलं. आठ-दहा भागांचा सीझन. मालिकेला हिरवा कंदील मिळण्याआधीच तीन-चार लेखकांची छोटी खोली काही आठवडे भरते, स्क्रिप्ट तयार होतात, खोली विसर्जित. चित्रीकरण कित्येक महिन्यांनी, बहुधा दुसऱ्याच शहरात, आणि तिथे एकटा शोरनर. नव्या लेखिकेच्या वाट्याला नावाची एक स्क्रिप्ट, तीही नशिबात असेल तर, आणि चित्रीकरणं शून्य. अशा तीन मालिका केल्या की तिच्या पदापुढे ‘प्रोड्यूसर’ लागतं. सेटवर पाऊल मात्र टाकलेलं नसतं. मग एके दिवशी तिची स्वतःची मालिका मंजूर होते आणि पहिल्याच दिवशी दोनशे माणसं तिच्याकडे बघत उभी राहतात. मालिका बिघडते, आणि निष्कर्ष काय निघतो, तर ‘हल्ली चांगले लेखकच राहिले नाहीत.’

या मुद्द्याला एक तयार उत्तर असतं: ब्रिटनकडे बघा. तिथे खोली नाही, शिडी नाही, सहा-सहा भागांचे सीझन, आणि तरी विनोदाची परंपरा भक्कम. ‘फॉल्टी टॉवर्स’चे १९७५ आणि १९७९ मिळून एकूण बाराच भाग, लिहिणारे दोघे. उत्तर वजनदार आहे, पण अर्धं आहे. गॅल्टन आणि सिम्पसन ही लेखकजोडी घ्या. १९६२ साली ‘स्टेप्टो अँड सन’ मालिका सुरू झाली तेव्हा त्यांच्या मागे रेडिओवरचं आणि टीव्हीवरचं ‘हॅनकॉक्स हाफ अवर’ होतं, १९५४ पासूनचं. रेडिओचेच शंभरावर भाग. आठवड्यामागून आठवडा, समोर प्रेक्षक, आणि चुकलं तर लगेच कळणार. म्हणजे शिकण्याची जागा होतीच, तिचं नाव रेडिओ होतं. पुढे बीबीसी रेडिओने ‘वीक एंडिंग’ (१९७० ते १९९८) आणि ‘न्यूजजॅक’ (२००९ ते २०२१) या विनोदी कार्यक्रमांची दारं बाहेरच्यांसाठी उघडी ठेवली. नवख्याने एक ओळ पाठवावी, ती वापरली गेली तर त्याच आठवड्यात ऐकायला मिळावी. तीही दारं आता बंद आहेत. दोन माणसांनी घरी बसून अजरामर मालिका लिहिली हे खरं. ती दोन माणसं आधी कुठे तयार झाली, हे सांगायचं मात्र सोयीस्करपणे राहून जातं.

‘आय लव्ह ल्युसी’चंही तसंच. पहिल्या सीझनचे पस्तीस भाग जेस ओपनहायमर, मॅडलिन प्यू आणि बॉब कॅरॉल या तिघांनी ओढले, तेव्हा मोठी खोली हवीच असं कुणी म्हणणार नाही, मीही नाही. पण ते तिघे तालमीला हजर असत, आणि अंगविक्षेपाचे प्रसंग जमतात की नाही हे प्यू आधी स्वतः करून बघायच्या. माणसं किती, हा प्रश्न दुय्यम आहे. ती कुठे उभी आहेत, हा मुख्य.

सगळ्यात कडक पुरावा ‘सॅटर्डे नाइट लाइव्ह’चा. १९७५ पासून चाललेल्या या अमेरिकन विनोदी कार्यक्रमात लेखकाने स्किट लिहून हात झटकायचे नसतात. मंगळवारी रात्रभर लिखाण, बुधवारी चाळीसेक स्किटचं वाचन, आणि ज्याचं निवडलं गेलं त्याने नेपथ्य, वेशभूषा, कॅमेरे सगळ्यांशी स्वतः बोलून ते उभं करायचं. शनिवारी रात्री आठला प्रेक्षकांसमोर रंगीत तालीम, तिच्यात पडलेली स्किट बाद, आणि साडेअकराला थेट प्रक्षेपण. क्रूर आहे. पण टीना फे तिथे १९९९ मध्ये मुख्य लेखिका झाल्या आणि २००६ मध्ये ‘थर्टी रॉक’ ही स्वतःची मालिका चालवायला बसल्या, तेव्हा सेट म्हणजे काय हे त्यांना कुणाला विचारावं लागलं नसणार.

एका कॅमेऱ्याच्या मालिकेत प्रेक्षक नसतात, प्रसंग उलटसुलट क्रमाने चित्रित होतात, मग लेखक कशाला, असंही विचारलं जातं. उलट आहे. प्रेक्षक नसल्यामुळे चूक कळायला कुणी नसतं, आणि क्रम उलटासुलटा असल्यामुळे पान सहा आणि पान एकतीस यांत तीन आठवड्यांचं अंतर पडतं. तिथे लेखकाची गरज दुप्पट.

आता पैशाचं. विनोदी लेखकाचं उत्पन्न अमेरिकेत तीन झऱ्यांचं असतं: आठवड्याचा पगार, नावावरच्या स्क्रिप्टचं मानधन आणि पुनःप्रक्षेपणाचा वाटा. रात्रीच्या गप्पांच्या कार्यक्रमांत तर करार तेरा-तेरा आठवड्यांनी नवा होतो. चौदाव्या आठवड्याची खात्री कुणालाच नसते. सीझन आखडल्यावर पहिला झरा आटला. स्टाफ रायटरला पगारातच स्क्रिप्टही धरली जायची, त्यामुळे तळातल्या माणसाला दुसरा कधी मिळालाच नव्हता. तिसरा स्ट्रीमिंगवर ठोक रकमेचा झाला, मालिका दहा जणांनी बघितली काय नि दहा कोटींनी काय. २ मे ते २७ सप्टेंबर २०२३ असा १४८ दिवसांचा रायटर्स गिल्डचा, म्हणजे अमेरिकेतल्या लेखकांच्या संघटनेचा, संप झाला तो या सगळ्याच्या पोटी. त्यातून हाती आलेलं बरंचसं आकड्यांत आहे: सहा भागांपर्यंत किमान तीन लेखक, सात ते बारा भागांना पाच, तेरा किंवा जास्त भागांना सहा, मालिका मंजूर होण्याआधीच्या खोलीत किमान दहा आठवड्यांची हमी, स्टाफ रायटरला स्क्रिप्टचं वेगळं मानधन, आणि गाजलेल्या स्ट्रीमिंग मालिकेवर बोनस. माझ्या मते यातलं सगळ्यात मोलाचं कलम सगळ्यात कमी गाजलं: दोन लेखकांना चित्रीकरणाच्या काळातही ठेवायचं, वीस आठवडे किंवा चित्रीकरण संपेपर्यंत, जे कमी असेल तेवढं. पळवाट आहेच. सगळे भाग एकाच लेखकाने लिहिले असतील तर संख्येची अट लागत नाही. ज्यांना एकट्याने मालिका ओढायची हौस आहे त्यांच्यासाठी ती सूट रास्त. पण हाताखाली कुणीच तयार होत नाही, ही किंमत तिथेही चुकवावी लागतेच.

भारतात कायदा एका बाबतीत अमेरिकेच्या करारापेक्षा पुढे आहे आणि व्यवहार बराच मागे. कॉपीराइट कायद्याच्या २०१२ च्या दुरुस्तीने चित्रकृतीतल्या (म्हणजे सिनेमा-मालिकेतल्या) साहित्याच्या लेखकाला, सिनेमागृहाबाहेरच्या वापराच्या रॉयल्टीचा हक्क निर्मात्याला लिहून देताच येणार नाही, अशी तरतूद केली; तो फक्त वारसांना किंवा कॉपीराइट संस्थेला देता येतो. म्हणजे ‘सर्व हक्क कायमचे’ असं करारात छापलं तरी रॉयल्टीचा हक्क शाबूत. पण हक्क असणं वेगळं आणि महिन्याच्या महिन्याला हिशेब करून पैसे खात्यात घालणारी यंत्रणा असणं वेगळं. नवख्याने निदान दोन गोष्टी तरी कराव्यात: स्क्रिप्ट स्क्रीनरायटर्स असोसिएशनमध्ये नोंदवून मगच चॅनेलला पाठवावी, आणि करारात ‘किती वेळा दुरुस्ती’ हा आकडा लिहून घ्यावा. तो आकडा कोरा राहिला की एका मानधनात सात खर्डे होतात.

आपल्याकडची आणखी एक रीत विनोदाला मारक आहे. कथा एकाची, पटकथा दुसऱ्याची, संवाद तिसऱ्याचे. रोजच्या मालिकेच्या रगाड्यात ही वाटणी समजू शकते. भाग रोज जायचाच असतो. पण विनोद संवादात नंतर भुरभुरता येत नाही. वरच्या मृत्युपत्राच्या प्रसंगात हशा कुणाचा, कथेवाल्याचा की संवादवाल्याचा? धाकटा आयतोबा नसता तर ‘धाकटा भाऊ’वर कुणी हसलं नसतं. संवादलेखकाला कोरडा प्रसंग देऊन ‘जरा पंच टाका’ म्हटलं की तो बिचारा शब्दांच्या कोट्या करतो, कारण तेवढंच त्याच्या हातात ठेवलेलं असतं. याउलट १९८४ साली दूरदर्शनवर ‘ये जो है जिंदगी’ आली तेव्हा लेखक शरद जोशींसारखा मुळातला हिंदी व्यंगकार होता, आणि प्रसंग व संवाद एकाच डोक्यातून आलेत हे ऐकताना कळायचं.

लेखकांच्या खोलीचे फार गोडवे गाण्यातही अर्थ नाही. रात्री दोनपर्यंत चालणाऱ्या खोल्या असतात, आणि मध्यरात्रीनंतर सुचलेले विनोद सकाळी वाचवत नाहीत. शोरनरला हसवणं हेच काम होऊन बसतं. थट्टेच्या नावाखाली जे बोललं जातं ते कोर्टापर्यंत गेलंय: एका लोकप्रिय अमेरिकन मालिकेच्या लेखन-सहायिकेने दाखल केलेल्या दाव्यात कॅलिफोर्नियाच्या सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये निकाल स्टुडिओच्या बाजूने दिला, विनोदी मालिकेच्या खोलीत अश्लील बोलणं कामाचा भाग असू शकतं असं मानून. कायद्याच्या काट्यावर ते बरोबर असेल. पण अशा खोलीतून कोण निघून गेलं आणि त्यामुळे कोणत्या प्रकारचा विनोद लिहिलाच गेला नाही, ते कुणी मोजत नाही. म्हणून मी खोलीपेक्षा सेटसाठी भांडतो. खोलीत दोनच माणसं असली तरी चालेल. ती दोन्ही वाचनापासून संकलनापर्यंत हवीत.

यंत्राकडून, म्हणजे कृत्रिम बुद्धिमत्तेकडून, स्क्रिप्ट लिहून घ्यायचा मोह आता आहेच. २०२३ च्या करारात यंत्राचं लिखाण लेखकाचं साहित्य मानलं जाणार नाही आणि लेखकावर ते वापरण्याची सक्ती करता येणार नाही, असं ठरलं. विनोदापुरतं बोलायचं तर यंत्र पहिल्या खर्ड्याचे पर्याय भराभर देतं, त्यातले बरेचसे शिळे. धोका वेगळाच आहे. ओळींचे पर्याय सुचवणं हे पहिल्या पायरीवरच्या लेखकाचं काम होतं. तेच यंत्राला दिलं की सेटवर त्याला ठेवायचं उरलंसुरलं निमित्तही जातं.

निर्मात्याला हे परवडतं का? मागणी मोठी नाही. दर मालिकेमागे एक कनिष्ठ लेखक, वाचनाच्या दिवसापासून शेवटच्या भागाच्या संकलनापर्यंत, आठवड्याच्या पगारावर. त्याला तीन कामं नेमून द्यायची: तालमीतले हशे आणि फुल्या यांची नोंद, कच्च्या जागांना तीन-तीन पर्याय, आणि कापलेल्या प्रत्येक ओळीवर पुढे काय अवलंबून आहे याची यादी. निदान एका भागाच्या संकलनावर त्याचे लेखी शेरे मागवायचे आणि त्यातले कोणते घेतले, कोणते नाही, हे त्याला तोंडावर सांगायचं. नाव श्रेयनामावलीत, वाचता येईल इतका वेळ. एवढं करारात लिहिलं की चॅनेलच्या बैठकीत ‘हा कोण आणि इथे का बसलाय’ हा प्रश्न निकालात निघतो, आणि पुढच्या मालिकेच्या वेळी त्याला वाचनाच्या दिवशी पेन्सिल कुठे चालवायची ते सांगत बसावं लागत नाही.